मराठी ख्रिस्ती प्रवचनाचा इतिहास : श्रोत्याच्या बाजूने एक विचार

प्रस्तावना

रॉयल गोल्ड वाइल्डर हे अमेरिकन मिशनरी १८५२ साली अहमदनगरहून (आताचे अहिल्यानगर) कोल्हापुरास आले. त्यांनी सुरू केलेले कार्य १८७० मध्ये अमेरिकन प्रेस्बिटेरियन मिशनकडे गेले आणि कालांतराने कोल्हापूरसह पन्हाळा, कोडोली, सांगली, मिरज अशी केंद्रे उभी राहिली. या केंद्रांतील शाळांचा आणि रुग्णालयांचा इतिहास थोडाफार लिहिला गेला आहे. वाइल्डर यांनी आपल्या हयातीत ३,००० हून अधिक गावांत उपदेश केला, असा आकडा त्यांच्या चरित्रपर लेखनात दिलेला आढळतो. आकडा मोठा आहे. परंतु गावोगावच्या लोकांनी तो उपदेश ऐकून काय विचारले, कोठे हसले, केव्हा उठून गेले, याची मोजदाद त्यात नाही.

प्रस्तुत लेखाचा विषय नेमका ही न झालेली नोंद हा आहे. ख्रिस्ती प्रवचनाचा अभ्यास सामान्यतः वक्त्याच्या अंगाने होतो: त्याची विद्वत्ता, त्याचा सिद्धांत, त्याचे वक्तृत्व. मराठी प्रवचनाच्या बाबतीत आणखी एक समज रूढ आहे. हे प्रवचन म्हणजे इंग्रजी 'सर्मन'चे मराठी भाषांतर, असे मानून वाङ्मयेतिहासकार पुढे जातात. हा समज अर्धाच खरा आहे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. मराठीतील ख्रिस्ती उपदेशाने ज्या ज्या वेळी नवे रूप घेतले, त्या त्या वेळी ते रूप श्रोत्याने घ्यायला लावले. म्हणून या परंपरेकडे पाहताना पहिला प्रश्न वक्ता कोण होता हा नसून, श्रोत्याला उठून जाण्याची किंवा उलट बोलण्याची मोकळीक होती काय, हा असावा.

संज्ञेतील संवाद

पाश्चात्त्य भाषांतील 'होमिली' हा शब्द ग्रीक 'होमिलिया'पासून आला. त्याचा मूळ अर्थ संगत, संभाषण. लूकच्या शुभवर्तमानात अम्माऊसच्या वाटेवर दोन शिष्य आपसांत बोलत चालले आहेत, तेथे याच धातूचे क्रियापद योजलेले आहे. लॅटिन 'सर्मो' या शब्दाचाही मूळ अर्थ बोलणे असाच होता. एकाने बोलावे व इतरांनी मुकाट्याने ऐकावे हा अर्थ नंतरचा होय.

आरंभीच्या शतकांतील श्रोते मुकाट बसत नसत याला भरपूर पुरावा आहे. अंत्युखिया येथे ३८७ साली सम्राटाचे पुतळे लोकांनी फोडले तेव्हा भयभीत नगराला धीर देणारी योहान क्रिसोस्टोम यांची प्रवचने प्रसिद्ध आहेत. त्यांच्या प्रवचनांना श्रोते टाळ्या वाजवीत, आणि टाळ्या नकोत, आचरण हवे, असे त्यांना बजावून सांगावे लागे. ही माहिती आपणास मिळते ती लघुलेखकांमुळे. ऑगस्टीन यांचीही बहुतेक प्रवचने ऐकता ऐकता उतरवून घेतलेली असल्यामुळे श्रोत्यांच्या आरोळ्या त्यांत कोठे कोठे शिल्लक राहिल्या आहेत. सिसेरोच्या वक्तृत्वशास्त्रातील शिकवणे, रिझवणे आणि वळवणे ही तीन प्रयोजने ऑगस्टीननी ख्रिस्ती उपदेशकासाठी स्वीकारली. तिन्ही प्रयोजने श्रोत्यावर अवलंबून आहेत हे वेगळे सांगावयास नको. (श्रोता झोपल्याचीही नोंद जुनी आहे. पौलाचे भाषण मध्यरात्रीपर्यंत लांबल्याने युतुख नावाचा तरुण खिडकीतून खाली पडला, असे प्रेषितांच्या कृत्यांत म्हटले आहे.)

भाषेचा प्रश्नही जुनाच. ८१३ साली तूर येथील धर्मसभेने प्रवचने लोकांच्या 'ग्रामीण रोमन' अथवा जर्मन बोलीत सांगावीत असे ठरविले, कारण लॅटिन सामान्यांना उमजेनासे झाले होते. फ्रेंच भाषेच्या उगमाचा अभ्यास करणारे या ठरावाचा आवर्जून उल्लेख करतात. प्रवचन हे भाषेच्या इतिहासाचे साधन कसे ठरते, याचे हे उत्तम उदाहरण आहे.

साष्टीतील ओवी

मराठी मुलखात हा प्रश्न प्रथम गोव्यात उभा राहिला, आणि तेथे आरंभ सुखाचा नव्हता. सोळाव्या शतकात पोर्तुगीज सत्तेने हिंदूंना ख्रिस्ती प्रवचनास हजर राहण्याची सक्ती करणारे आदेश काढले होते. ज्याला उठून जाता येत नाही अशा श्रोत्यासमोर वक्त्याला भाषा सुधारण्याची गरज भासत नाही. मराठी ख्रिस्ती वाङ्मयाच्या गौरवपर लेखनात ही पार्श्वभूमी हलक्या हाताने पुसली जाते. ती पुसली जाऊ नये.

फादर थॉमस स्टीफन्स हे इंग्रज जेझुइट १५७९ मध्ये गोव्यात आले आणि त्यांचा बहुतेक काळ साष्टी प्रांतात गेला. त्यांचे 'क्रिस्तपुराण' १६१६ मध्ये राचोल येथे रोमन लिपीत छापले गेले. सुमारे ११,००० ओव्यांचा हा ग्रंथ महाकाव्य म्हणून अभ्यासला जातो आणि त्यातील मराठी भाषेची स्तुती शालेय पुस्तकांमुळे सर्वांना ठाऊक आहे. परंतु ग्रंथाचा उपयोग ध्यानी घेतला तर तो प्रवचनाच्या कुळातला ठरतो. रविवारी व सणाच्या दिवशी चर्चमध्ये जमलेल्या लोकांपुढे तो वाचला जाई. त्याची चौकटही तशीच आहे. साष्टीतील एका चर्चमध्ये धर्मशिक्षणाचा वर्ग चालू असता नवख्रिस्ती ब्राह्मण उठून पाद्रीगुरूला विचारतो की, आमची पूर्वीची पुराणे तुम्ही बंद केलीत, मग त्या जागी आम्हांला दुसरे पुराण का देत नाही? या मागणीचे उत्तर म्हणून पुराणकथन सुरू होते आणि पुढेही श्रोत्यांच्या शंकांनी ते पुढे सरकते.

ही चौकट कविकल्पना आहे की प्रत्यक्ष प्रसंग, या वादात शिरण्याचे कारण नाही. महत्त्वाचे हे की, सक्तीच्या त्या वातावरणात एका धर्मगुरूला आपल्या ग्रंथाचे समर्थन श्रोत्याच्या तोंडून करवून घ्यावेसे वाटले. लोकांच्या कानात ज्ञानेश्वरी-एकनाथांच्या परंपरेतील ओवी होती, म्हणून छंद ओवीचा आला. स्वर्गाला 'वैकुंठ' म्हणावे लागले. पुराणिकाने सांगावे, श्रोत्याने मध्येच पृच्छा करावी, हा संकेतही पुराणाचाच. पुढे सर्वच लेखकांना हे धोरण रुचले नाही. एतिएन द ला क्रुआ या फ्रेंच जेझुइटाने १६२९ मध्ये सेंट पीटरच्या चरित्रावर ओवीबद्ध ग्रंथ प्रसिद्ध केला. त्याचा बराच भाग हिंदू दैवतांच्या खंडनाने व्यापलेला आहे. छंद तोच, पण श्रोत्याशी नाते निराळे. १६८४ मध्ये पोर्तुगीज सत्तेने स्थानिक भाषेच्या वापरावरच बंदी घालणारा हुकूम काढला आणि ही धारा आटली.

किनारा आणि बाजार

अमेरिकन मिशनचे गॉर्डन हॉल व सॅम्युएल नॉट १८१३ मध्ये मुंबईस पोहोचले तेव्हा परिस्थिती पूर्णतः वेगळी होती. कंपनी सरकार मिशनऱ्यांबाबत साशंक होते, आणि रस्त्यावरच्या श्रोत्याला थांबण्याचे कोणतेही बंधन नव्हते. बाजारात, घाटावर, देवळाबाहेर उभे राहून बोलावयाचे. लोक थांबले तर थांबले. अशा ठिकाणी लिहून आणलेले प्रवचन वाचणे अशक्य होते. एखादा शास्त्री अथवा रिकामटेकडा मनुष्य पहिल्याच वाक्याला प्रश्न टाकी आणि उपदेशाचे वादात रूपांतर होई.

वाद हाच मग या काळातील उपदेशाचा मुख्य प्रकार बनला. १८३१ मध्ये डॉ. जॉन विल्सन आणि मोरभट दांडेकर यांच्यात मुंबईत जाहीर वाद झाला. मोरभटांनी 'श्रीहिंदुधर्मस्थापना' लिहून आपली बाजू छापली आणि विल्सन यांनी तिला ग्रंथरूपाने उत्तर दिले. १८५७ च्या पूर्वार्धात विष्णुबावा ब्रह्मचारी यांनी मुंबईच्या समुद्रकिनाऱ्यावर मिशनऱ्यांशी केलेले वाद तर आठवड्यामागून आठवडे चालले. जॉर्ज बोवेन यांनी त्यांचा इंग्रजी वृत्तान्त त्याच वर्षी प्रसिद्ध केला आणि मराठी वृत्तान्त पुढे ग्रंथरूपाने निघाला. अर्थात दोन्ही बाजूंचे वृत्तान्त सावधपणे वाचावे लागतात, कारण आपापल्या वृत्तान्तात प्रत्येक जण जिंकलेला असतो. तरीही मराठी प्रवचनाच्या इतिहासात श्रोत्याचे शब्द नावानिशी छापले गेले असे हे दुर्मीळ प्रसंग होत. त्यांना धर्मवादाचे कागद म्हणून बाजूला न सारता संभाषणाचे कागद म्हणून वाचले, तर एकोणिसाव्या शतकातील तोंडी, वादात वापरल्या जाणाऱ्या मराठी गद्याचे नमुने त्यांत सापडतील.

या वादांतून धर्मांतर किती झाले हा प्रश्न गौण आहे. फार थोडे झाले. परंतु उपदेशकांना एक गोष्ट कळून आली. खंडन ऐकावयास गर्दी जमते, ती ऐकून घरी जाते.

या ठिकाणी मिशन रुग्णालयांचा उल्लेख करणे आवश्यक आहे. विल्यम वॉन्लेस यांनी मिरजेस १८९४ मध्ये रुग्णालय उघडले आणि त्याची कीर्ती दूरवर पसरली. मिशन रुग्णालयांत सकाळी औषधासाठी जमलेल्या रुग्णांपुढे उपदेश करण्याची प्रथा सर्वत्र रूढ होती. हा श्रोता कैदी नव्हता, पण बाजारातल्या माणसासारखा मोकळाही नव्हता. त्याचा नंबर यावयाचा होता. अशा श्रोत्याच्या मौनाचा अर्थ संमती असा लावणे, किंवा जुलूम असा लावणे, दोन्ही घाईचे ठरेल.

कीर्तन : श्रोता थांबू लागतो

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अहमदनगरच्या मराठी मिशनमध्ये घडलेला बदल प्रस्तुत लेखकाला या सर्व इतिहासातील सर्वांत महत्त्वाचा वाटतो. कृष्णराव रत्नाजी सांगळे आणि त्यांचे सहकारी यांनी बायबलमधील कथांवर कीर्तने रचून सादर करण्यास प्रारंभ केला. मिशनऱ्यांपैकी काहींना शंका होती. देवळात उभे राहणारे हे रूप, त्याचे टाळ-मृदंग, त्यातील विनोद हे ख्रिस्ती उपासनेला शोभेल काय? परंतु जो खेडूत बाजारातील उपदेशाला पाच मिनिटे थांबत नसे, तो कीर्तनाला रात्री उशिरापर्यंत बसे, हे त्यांनी प्रत्यक्ष पाहिले होते. शंका हळूहळू मावळली.

कीर्तनाचा बांधा नीट पाहिला म्हणजे असे का झाले ते उमगते. नारदीय कीर्तनात पूर्वरंगात एखादे पद अथवा अभंग घेऊन त्याचे निरूपण होते आणि उत्तररंगात तोच विचार आख्यानाच्या रूपाने सांगितला जातो. प्रोटेस्टंट प्रवचनात आरंभी शास्त्रातील वचन घेऊन त्याचे विवरण करतात व शेवटी त्याचे आचरणाला लागू पडणारे तात्पर्य सांगतात. दोहोंचा पूर्वार्ध जवळपास सारखा आहे, फरक उत्तरार्धात. जेथे इंग्रजी प्रवचन लागूकरण करते, तेथे कीर्तन गोष्ट सांगते. उधळ्या पुत्राची कथा साकी-दिंडीत ऐकलेल्या शेतकऱ्याला तिचे तात्पर्य वेगळे सांगावे लागत नाही, कारण वाटणी मागणारा धाकटा भाऊ त्याच्या परिचयाचा असतो. शिवाय कीर्तनात श्रोत्याला काम असते. तो धृपद उचलतो, टाळी धरतो. होमिलियातील हरवलेला संवाद येथे गाण्याच्या वाटेने परत आला, असे म्हणता येईल. सांगळे यांची गीते 'उपासनासंगीत' या गीतसंग्रहातून मराठी मंडळ्यांत आजही गायिली जातात.

रेव्हरंड नारायण वामन टिळक (१८६१–१९१९) यांचे कार्य या पार्श्वभूमीवर पाहिले पाहिजे. १८९५ मध्ये बाप्तिस्मा घेतल्यानंतर त्यांनी भजन व कीर्तन यांना ख्रिस्ती उपासनेत मानाचे स्थान मिळवून देण्याचा सतत प्रयत्न केला. टिळकांच्या प्रतिभेमुळे ही कल्पना त्यांचीच असे मानले जाते. वस्तुतः अहमदनगर जिल्ह्यातील, बहुधा अस्पृश्य मानल्या गेलेल्या जातींतून आलेल्या, फारशा शिकलेल्या नसलेल्या गायकांनी ती वाट आधी तुडविली होती. टिळकांनी तिला साहित्यिक प्रतिष्ठा दिली.

पंडिता रमाबाईंचे उदाहरण याहून बोलके आहे. रमाबाईंचे बालपण तीर्थक्षेत्री पुराणे सांगत हिंडणाऱ्या कुटुंबात गेले आणि त्या स्वतः पुराणिक होत्या. श्रोत्यांपुढे बसून संस्कृत श्लोकाचा अर्थ लोकभाषेत उलगडण्याचा जो संस्कार त्यांच्यावर झाला, तो केडगावच्या मुक्ति सदनात आणि बायबलच्या त्यांच्या सोप्या मराठी भाषांतरात दिसतो. ते भाषांतर त्यांच्या मृत्यूनंतर, १९२४ मध्ये, पूर्ण छापून प्रसिद्ध झाले. पुल्पिटवर स्त्रीला स्थान नव्हते त्या काळात पुराणिकाची बैठक मात्र एका स्त्रीला उपलब्ध झाली होती, ही बाब स्त्री-अभ्यासाच्या अभ्यासकांनी अधिक तपासावी अशी आहे.

व्यासपीठ

मराठीत भाषणाच्या जागेला आपण 'व्यासपीठ' म्हणतो. हा पुराणिकाच्या आसनाचा शब्द आहे, आणि आज चर्चमधील पुल्पिटलाही तोच शब्द सर्रास लावला जातो. देवघेव एकाच दिशेने झाली नाही. १८६७ मध्ये स्थापन झालेल्या प्रार्थनासमाजाच्या साप्ताहिक उपासनेवर ख्रिस्ती उपासनेची छाया स्पष्ट आहे. पण कोल्हापुरात शालेय शिक्षण झालेले न्यायमूर्ती रानडे त्या उपासनेत उभे राहत तेव्हा विवेचनासाठी बहुधा तुकोबांचा अभंग घेत. 'धर्मपर व्याख्याने' या त्यांच्या संग्रहात चर्चमधील प्रवचन, कीर्तनातील निरूपण आणि आधुनिक व्याख्यान ही तिन्ही रूपे एकमेकांत मिसळलेली आहेत. मराठी व्याख्यानपरंपरेचे मूळ शोधताना हा दुवा फारसा कोणी विचारात घेत नाही.

चर्चच्या आत मात्र विसाव्या शतकात कीर्तन मागे पडले व पुल्पिटवरील प्रवचन स्थिरावले. पाळकांचे शिक्षण सेमिनरीत होऊ लागले, पाठ्यग्रंथ इंग्रजी होते, आणि श्रोता आता ख्रिस्ती घरात जन्मलेला, दर रविवारी ठरावीक जागी बसणारा होता. तो उठून जाणार नव्हता. प्रोटेस्टंट मंडळ्यांतील प्रवचनाची भाषा याच काळात घट्ट झाली असावी. 'तारण' हा शब्द घ्या. मंडळीतील माणसाला त्याचा अर्थ मुक्ती, उद्धार हा असतो. बाहेरच्या माणसाला कर्जापोटी गहाण ठेवलेली वस्तू आठवते. कोल्हापूरच्या पेठांत बोलली जाणारी रांगडी बोली आणि पुल्पिटवरचे हे ग्रांथिक मराठी यांत जे अंतर पडले, तेच वसईत सामवेदी बोली आणि वेदीवरील प्रमाण मराठी यांत आढळते.

कॅथलिक परंपरेत बदलाची प्रेरणा वरून आली. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने डिसेंबर १९६३ मध्ये संमत केलेल्या उपासनाविषयक दस्तऐवजाने प्रवचन हा उपासनेचाच भाग ठरविला आणि लोकभाषांना उपासनेचे दार उघडले. वसईच्या धर्मगुरूंनी, विशेषतः 'सुवार्ता'चे दीर्घकाळ संपादक राहिलेल्या फादर फ्रान्सिस दिब्रिटो (निधन २०२४) यांनी, संतसाहित्याशी नाते सांगणारी मराठी घडविली. पोप फ्रान्सिस यांनी २०१३ मधील आपल्या प्रबोधनपत्रात तब्बल २५ परिच्छेद प्रवचनासाठी खर्च केले असून, आई मुलाशी बोलते तसे ते संभाषण असावे व ते लांबू नये, असे त्यांचे सांगणे आहे.

साधनांचा प्रश्न

असा अभ्यास करावयाचा तर कोठून करावा? छापील साधने आहेत: १८४२ पासून निघू लागलेल्या 'ज्ञानोदया'चे जुने अंक, मिशनांचे वार्षिक अहवाल, वादांचे वृत्तान्त. पण छापील प्रवचन हे बोललेले प्रवचन नव्हे. छापताना श्रोता गळतो. अधिक मोलाची सामग्री निवृत्त पाळकांच्या घरांतील टिपणवह्यांत असते. तीत तारीख, गाव, घेतलेले वचन, चार मुद्दे आणि समासात एखादी आठवण लिहिलेली असते. अशा वह्या पाळकाच्या पश्चात रद्दीत जातात. कुटुंबाच्या संमतीने त्यांच्या प्रती काढून महाविद्यालयाच्या ग्रंथालयात ठेवणे हे मराठी, इतिहास आणि समाजशास्त्र या तीन विभागांना मिळून सहज करता येईल असे काम आहे. त्यासाठी मोठ्या अनुदानाची आवश्यकता नाही. वयोवृद्ध श्रोत्यांच्या मुलाखती त्याच्या जोडीला घ्याव्यात. लहानपणी ऐकलेले कीर्तनाचे धृपद त्यांना अजून येते काय, एवढा एक प्रश्न विचारला तरी पुष्कळ हाती लागेल.

'क्रिस्तपुराणा'च्या १६१६, १६४९ आणि १६५४ अशा तीन आवृत्त्या छापल्या गेल्या होत्या. जे. एल. सालढाणा यांनी १९०७ मध्ये मंगळूर येथे या ग्रंथाची नवी आवृत्ती काढली, तेव्हा या तिन्हींपैकी एकही छापील प्रत त्यांना आधारासाठी मिळाली नाही. त्यांनी पाठ सिद्ध केला तो ख्रिस्ती कुटुंबांनी पिढ्यान्‌पिढ्या हाताने उतरवून जपलेल्या पोथ्यांवरून.